निवेदनाविना माहितीपट

प्रश्न : अमेरिकी माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमन यांच्या माहितीपटांत निवेदन नाही, मुलाखती नाहीत. आम्हाला ग्रामसभेवर तसाच माहितीपट करायचा आहे. सुरुवात कुठून करावी?

उत्तर : आवाजापासून. वाइजमन मूळचे कायद्याचे पदवीधर. चित्रीकरणात ते स्वतः ध्वनिमुद्रण सांभाळत आणि छायालेखकाला खुणेने दिशा देत. काही आठवड्यांचं चित्रीकरण, शंभर तासांच्या आसपास फुटेज आणि मग संकलनाला बहुधा वर्षभर, असा त्यांचा हिशेब. माहितीपटाची रचना संकलनाच्या टेबलावरच सापडते. म्हणून आधी पटकथा लिहू नका.

नवख्यांची फसगत ठरलेली : कॅमेरा सतत बोलणाऱ्याच्या मागे धावतो. मग वीस मिनिटांची चर्चा तीन मिनिटांवर आणताना जोडायला दृश्यच उरत नाही. ऐकणारे चेहरे, वहीवर चालणारा हात, दारात ताटकळणारी माणसं हे सगळं त्याच वेळी टिपा. बोलणं थांबलं तरी आणखी दहा सेकंद कॅमेरा चालू ठेवा. खरी प्रतिक्रिया पुष्कळदा तेव्हाच उमटते. सभागृहाचा नुसता आवाज, पंख्यासकट, मिनिटभर वेगळा मुद्रित करा, नाहीतर प्रत्येक कट कानाला खटकेल.

परवानगी मात्र आधीच लेखी घ्या. ‘टिटिकट फॉलीज’ (१९६७) हा वाइजमन यांचा मनोरुग्ण कैद्यांवरचा माहितीपट. कैद्यांच्या खासगीपणाच्या मुद्द्यावरून अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्याच्या न्यायालयाने घातलेली सार्वजनिक प्रदर्शनाची बंदी १९९१ मध्ये उठली.