नवरा एचआयव्ही पॉझिटिव्ह, मी निगेटिव्ह. पुन्हा जवळ येता येईल का? मूल होईल का?

ताई, दोन्ही होईल. फक्त घाई नको.

मिस्टरांचा सीडी-फोर वाढल्याचं तुम्ही लिहिलंय. चांगलंच आहे, पण तो त्यांच्या प्रतिकारशक्तीचा आकडा. तुमच्या प्रश्नाचं उत्तर व्हायरल लोडमध्ये, म्हणजे रक्तातल्या विषाणूंच्या प्रमाणात आहे. तो मिलिलिटरमागे २०० च्या खाली गेला आणि तिथेच राहिला, तर शरीरसंबंधातून तुम्हाला लागण होत नाही. २०१६ आणि २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पार्टनर अभ्यासात अशा जोडप्यांचे हजारो कंडोमविना संबंध धरले होते. जोडीदाराकडून झालेली एकही लागण सापडली नाही.

कोल्हापूरच्या सीपीआर रुग्णालयातल्या एआरटी (एचआयव्ही उपचार) केंद्रात ही तपासणी मोफत होते, पहिली उपचार सुरू झाल्यावर साधारण सहा महिन्यांनी. तोवर दर वेळी कंडोम. खोबरेल किंवा व्हॅसलीन लावू नका, त्याने लॅटेक्स कमकुवत होऊन फाटतं. पाण्याच्या बेसचं जेल घ्या. तरी फाटलाच तर ७२ तासांच्या आत, शक्यतो त्याच दिवशी केंद्रात जाऊन पीईपीबद्दल, म्हणजे लागण टाळण्यासाठीच्या गोळ्यांबद्दल विचारा. तो कोर्स २८ दिवसांचा असतो.

सगळा खेळ त्यांच्या रोजच्या एका गोळीवर आहे, आणि शिरोलीतल्या कामाच्या पाळ्यांमध्ये तीच चुकते. रात्री ९ ठरवा. पहिल्या पाळीला ते घरी असतात, रात्रपाळीला निघायच्या आधी होते. दुसऱ्या पाळीच्या आठवड्यात तेवढी एक गोळी डब्याच्या पिशवीत. विसरली तर आठवताक्षणी घ्यायची, दुसऱ्या दिवशी दोन नाहीत. त्यांची गोळी डोल्युटेग्रॅविरची असेल तर ॲसिडिटीचं पातळ औषध दुपारी ३ च्या आधी किंवा रात्री ११ नंतरच घ्यावं, नाहीतर गोळी अंगी लागत नाही.

हे सहा महिने अंथरुणं मात्र वेगळी करू नका. मिठी, चुंबन, एका ताटात जेवण, कशानेच लागण होत नाही. बऱ्याचदा पुरुष अपराधीपणाने लांब राहतो आणि बायकोला वाटतं, मी नकोशी झाले. त्यांना तोंडाने विचारा. केंद्रातल्या समुपदेशकांकडे दोघं मिळून जा. हे बोलणं तिथे रोजचं आहे.

बाळाला वडिलांकडून थेट लागण होत नाही, आईकडूनच होऊ शकते. म्हणजे तुम्ही निगेटिव्ह राहिलात की बाळ सुरक्षित. व्हायरल लोड दबलेला राहिला की डॉक्टरांना सांगून कंडोम थांबवा; मासिक चक्र २८ दिवसांचं असेल तर पाळी सुरू झाल्यापासून साधारण १० ते १६ हे दिवस धरा. स्पर्म वॉशिंगवर (वीर्यातून शुक्राणू वेगळे करण्याच्या प्रक्रियेवर) पैसे घालायची गरज नाही.

तुमची तपासणी शेवटच्या असुरक्षित संबंधाला तीन महिने झाल्यावर पुन्हा करा. दिवस राहिले तर नाव नोंदवताना परत एकदा.