उत्तर: डीव्हीआरने डिस्क इनिशियलाइज केली, आधीचं फुटेज दिसत नाही

तुम्ही लिहिलंय की सीसीटीव्हीचा डीव्हीआर (कॅमेऱ्यांचं चित्रण हार्ड डिस्कवर साठवणारा डबा) ‘डिस्क एरर’ म्हणून बीप करत होता, इनिशियलाइज करू का (म्हणजे डिस्क नव्याने तयार करू का) असं त्यानेच विचारलं, तुम्ही हो म्हटलंत, आणि आता रेकॉर्डिंग सुरळीत आहे पण आधीचे पाच दिवस कोरे. ह्याच खड्ड्यात मीही पडलो होतो, म्हणून लांबलचक लिहितोय. पण पुढचं वाचण्याआधी डीव्हीआर बंद करा. त्याआधी फक्त त्याच्या स्क्रीनवरची वेळ आणि मोबाइलची वेळ एकाच फोटोत येईल असा फोटो काढा. परत मिळालेल्या फुटेजवर डीव्हीआरचीच वेळ असते, आणि आतला घड्याळाचा सेल मेला असेल तर ती वेळ कुठल्या कुठे गेलेली असते. मग मेनूतून शटडाउन. मेनू अडकला तर सरळ प्लग काढा.

आता मुद्द्याचं. इनिशियलाइजने फुटेज सहसा मरत नाही. एक टीबीची डिस्क खरोखर पुसायची तर दीड-दोन तास लागतात. तुमचं काम मिनिटाभरात झालं असणार. म्हणजे गेली ती फक्त अनुक्रमणिका, कुठल्या ब्लॉकमध्ये (डिस्कच्या तुकड्यात) कुठल्या कॅमेऱ्याचं किती वाजताचं चित्रण आहे ती यादी. चित्रण जागच्या जागी असतं. त्याला मारतं ते नंतरचं रेकॉर्डिंग. हिशोब बघा: चार कॅमेरे, प्रत्येकी ४ एमबीपीएस (सेकंदाला ४ मेगाबिट; ८ बिटांचा एक बाइट), म्हणजे चौघांचे मिळून सेकंदाला २ एमबी, तासाला ७.२ जीबी, दिवसाला साधारण १७३ जीबी. दोन दिवस चालू ठेवलात तर एक टीबीतला तिसरा हिस्सा कायमचा गेला. एकदा वर लिहिलं गेलं की जगातली कुठलीही डेटा रिकव्हरी लॅब ते परत आणू शकत नाही. आणि जो हिस्सा जातो तो सर्वात जुना असेल असंही नाही. यादी कोरी झाल्यामुळे डीव्हीआर बहुधा पुन्हा पहिल्या ब्लॉकपासून लिहायला लागतो, आणि तिथे कालचंही असू शकतं.

म्हणूनच ‘दोन दिवस चालू ठेवून निरीक्षण करा, मग तक्रार नोंदवू’ हा सर्व्हिस सेंटरचा (नाव घेत नाही) सल्ला मला सगळ्यात महाग पडला. त्यांच्या लेखी तक्रार म्हणजे ‘रेकॉर्डिंग होत नाही’. ते सुरू झालं की तक्रार मिटली. गेलेलं फुटेज त्यांच्या फॉर्मवर कुठल्याच रकान्यात बसत नाही. असो.

डिस्क काढलीत की ती दुसऱ्या डीव्हीआरमध्ये घालू नका. तोही फॉरमॅट मागेल, आणि काही मॉडेल न विचारताच रेकॉर्डिंग सुरू करतात. विंडोजला जोडलीत तर ‘डिस्क इनिशियलाइज करा’ किंवा ‘फॉरमॅट करा’ अशी खिडकी येईल. दोन्हींना कॅन्सल. विंडोजला डीव्हीआरची फाइल सिस्टिम ओळखता येत नाही एवढाच त्याचा अर्थ, डिस्क खराब आहे असा नाही. मी तर म्हणेन लिनक्सच वापरा, डिस्क माउंट न करता (म्हणजे त्यातल्या फाइली न उघडता, नुसती जोडून).

पहिलं काम क्लोन, म्हणजे डिस्कची हुबेहूब प्रत. डीडीरेस्क्यूने (खराब डिस्कची प्रत काढायचं लिनक्सवरचं सॉफ्टवेअर), मॅप फाइल (काय वाचून झालं, काय राहिलं ह्याची नोंद) ठेवून, तेवढ्याच किंवा मोठ्या डिस्कवर. पहिल्या फेरीत खराब सेक्टर (डिस्कचे न वाचता येणारे कण) सोडून द्यायचे, चांगला भाग हाती आला की मग त्या सेक्टरांवर दोन-तीन फेऱ्या. कमांड लिहिताना आधी मूळ डिस्क, मग नवी, हा क्रम उलटा झाला तर सगळंच संपलं. सिरीयल नंबर दोनदा ताडून बघा. यूएसबी डॉकपेक्षा सरळ साटा केबल (डिस्क थेट मदरबोर्डला जोडणारी) बरी. डिस्क टकटक आवाज करत असेल तर ह्यातलं काहीच करू नका, ती लॅबचीच केस आहे.

नेहमीची रिकव्हरी सॉफ्टवेअरं इथे बहुतेक वेळा हात टेकतात. ती जेपीजी, एमपी४ अशा फाइलींची डोकी (सुरुवातीच्या ओळखखुणा) शोधतात, आणि डीव्हीआरमध्ये तशा फाइली बहुधा नसतातच. चारही कॅमेऱ्यांचे एच.२६४ किंवा एच.२६५ (व्हिडिओ दाबून लहान करायच्या पद्धती) प्रवाह तुकड्या-तुकड्यांनी एकमेकांत मिसळून लिहिलेले असतात. क्लोन हेक्स एडिटरमध्ये (डिस्कवरचे कच्चे बाइट दाखवणारं सॉफ्टवेअर) उघडा. दाहुआ कंपनीच्या डीव्हीआरच्या डिस्कवर प्रत्येक फ्रेमच्या सुरुवातीला डी-एच-ए-व्ही ही चार अक्षरं सापडतात, हिकव्हिजन कंपनीच्या डिस्कच्या सुरुवातीच्या भागात कंपनीचं नाव वाचता येतं. त्यावरून त्या फॉरमॅटचं सॉफ्टवेअर निवडा. नुसते एच.२६४चे तुकडे काढलेत तर चित्र दिसेल, पण तारीख आणि कॅमेरा क्रमांक कंपनीच्या हेडरमध्ये (प्रत्येक तुकड्याआधीच्या माहितीत) असतात, ते निसटतील. शिवाय आय-फ्रेम (पूर्ण चित्र असलेली फ्रेम; बाकीच्यांत फक्त बदल असतात) येईपर्यंत पडद्यावर करडा चिखल दिसतो. तेवढ्यावरून फाइल खराब म्हणून टाकून देऊ नका.

लॅबकडे जायचं ठरलं तर दोनच प्रश्न विचारा: काम क्लोनवर करणार का, आणि पैसे भरण्याआधी तारीख-वेळेसकट नमुना दाखवणार का. पहिल्याला ‘गरज नाही’ असं उत्तर आलं तर डिस्क परत घ्या. फुटेज पुरावा म्हणून द्यायचं असेल तर मूळ फॉरमॅटची प्रत ठेवा, तिचा एसएचए-२५६ हॅश (फाइल नंतर बदलली नाही हे दाखवणारा ठसा) काढा, आणि एमपी४ वेगळी बनवा.

जाता जाता: मूळ ‘डिस्क एरर’ डिस्कचीच होती असं धरून चालू नका. ३.५ इंची डिस्कला फिरायला लागताना १२ व्होल्टवर दोन अँपिअरपर्यंत लागू शकतात. जुना अडॅप्टर तेवढं देऊ शकला नाही की डिस्क फिरत नाही आणि डीव्हीआर दोष डिस्कवर ढकलतो. डीव्हीआरच्या लेबलवरचा व्होल्टेज आणि पोलॅरिटी बघून तेवढ्याच किंवा जास्त अँपिअरचा अडॅप्टर लावा, साटा केबलही बदला. कॅमेरे आजच चालू हवे असतील तर दुसरी डिस्क घाला. जुनी मात्र लेबल चिकटवून कपाटात राहू दे, क्लोन पूर्ण झाला तरी.

(मी लॅबवाला नाही. फर्मवेअर (डीव्हीआरच्या आतलं सॉफ्टवेअर) बदललं की वागणूक बदलते, तेव्हा तुमच्या मॉडेलचं मॅन्युअल एकदा बघा.)