काल्पनिक जगासाठी भविष्य पाहण्याची नवी जादुई पद्धत कशी रचावी? ती किती टक्के अचूक ठेवावी, आणि एकाहून अधिक पद्धती असाव्यात का?

प्रश्नातील ‘किती टक्के अचूक’ या शब्दांसाठी हे उत्तर लिहीत आहे, कारण याच मुद्द्यावरून काही वर्षांपूर्वी एका दिवाळी अंकाच्या संपादकांनी माझी कथा परत केली होती. माझे स्पष्ट मत असे की, अचूकता हा लेखकाने सोडवायचा प्रश्नच नाही. प्रश्न कोणी विचारायचा, कोणत्या शब्दांत विचारायचा आणि उत्तर सोसले नाही तर पुढे काय, एवढे पक्के झाले की पद्धत उभी राहते.

आमचे गाव सिंधुदुर्गातले. जानेवारी 1982 मध्ये मुंबईत गिरणी संप सुरू झाला आणि परळला राहणारे माझे थोरले काका इतर अनेक चाकरमान्यांप्रमाणे गावी परतले. वर्ष उलटले तरी संपाचे काही कळेना, तेव्हा आजोबांनी ग्रामदेवतेला कौल लावायचे ठरवले. मी दहा वर्षांचा होतो. गुरवांनी गाऱ्हाणे घातले, भिजवलेल्या पाकळ्या पाषाणाच्या उजव्या-डाव्या अंगांना चिकटवल्या आणि काकांनी विचारले, “मुंबईक परत जाव काय?” उजवी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. बराच वेळ एकही पडेना. समईच्या उजेडात पाकळ्यांच्या कडा सुकून वर वळू लागल्या होत्या. उजव्या पाकळीची एक कड सुटून लोंबू लागली तेव्हा काकांनी श्वास रोखल्याचे मला शेजारी बसून जाणवले. पडली मात्र डावी. काकांनी शब्द बदलून पुन्हा कौल लावण्याची विनंती केली, त्यावर गुरव म्हणाले, “एकच गोष्ट देवाक दोनदा इचारूची नाय.”

काका गावीच राहिले. त्यांनी देवाला कधी दोष दिला नाही. आपण प्रश्न चुकीचा विचारला, गिरणी सुरू होईल का असे विचारायला हवे होते, एवढेच ते शेवटपर्यंत म्हणत राहिले.

त्यावरून मी माझ्या कथेतला ‘पाझर’ रचला. त्या मुलखात नदी नाही, विहिरीच आहेत. कोऱ्या मडक्याच्या तोंडाशी प्रश्न पुटपुटायचा, मग ते भरून रात्रभर ठेवायचे आणि पहाटे ओल बाहेरून ज्या अंगाला आधी उमटली असेल त्यावरून पाझर वाचणारी बाई उत्तर सांगते. पाणी प्रश्नकर्त्याने भरायचे नाही आणि वाचन झाले की मडके फोडायचे, त्यामुळे प्रत्येक प्रश्नामागे कुंभाराचे कष्ट खर्ची पडतात. मडके खरे सांगते की खोटे हे वाचकाला कळलेच पाहिजे, असा संपादकांचा आग्रह होता. मला तो तेव्हाही मान्य नव्हता आणि आजही नाही. डावी पाकळी खरे बोलली का, हे आमच्या घरात चाळीस वर्षांत कोणालाही सांगता आलेले नाही, तरी घराची दिशा तिनेच ठरवली.

नियम मात्र काटेकोर हवेत. बुलढाणा जिल्ह्यातील भेंडवळची घटमांडणी पाहा: अक्षय्य तृतीयेला शेतात घट मांडून भोवती 18 धान्ये ठेवतात, रात्री तिकडे कोणी फिरकत नाही आणि पहाटे कोणते धान्य कुठे सरकले यावरून पीकपाण्याचे भाकीत करतात. त्याला शास्त्रीय आधार नाही, तरीही ते ऐकायला शेतकरी दरवर्षी जमतात. माझ्या मते त्या न फिरकण्याच्या रात्रीतच सगळे बळ आहे; आपल्या पद्धतीतही अशी एक रात्र ठेवा.

कौलाची रीत गावागणिक बदलते, कुठे पाकळ्या तर कुठे तांदूळ, म्हणून माझे वर्णन प्रमाण मानू नये. हा सल्लाही कादंबरीपुरताच आहे. नोकरी किंवा आजारपणाचे निर्णय कौलावर सोपवावेत असे मी म्हणत नाही. राहिला पद्धतींच्या संख्येचा प्रश्न, तर एकच ठेवा. आमच्या गावात दुसरी असती, तर काका त्याच संध्याकाळी तिकडे गेले असते.