'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चा लेखक टॉल्कीन याच्या मध्य-पृथ्वी या काल्पनिक जगातला एआरेन्दिलचा तारा म्हणजे आपली शुक्राची चांदणीच का?

हो, आकाशातल्या जागेपुरता तो शुक्रच आहे. पहाटे आणि संध्याकाळी दिसणारा, सर्वांत तेजस्वी. 'एआरेन्देल' हे नाव टॉल्कीनला 'क्रिस्ट' या जुन्या इंग्रजी काव्यात सापडलं, त्यावर त्याने 1914 मध्ये कविता लिहिली आणि पुढे 1967 च्या एका पत्रात हा शब्द शुक्राला, म्हणजे पहाटताऱ्याला उद्देशून असावा असं स्वतःच म्हटलं. कथेत मात्र तो ग्रह नाही. एआरेन्दिल हा दर्यावर्दी कपाळावर सिल्मारिल हे रत्न बांधून आपलं गलबत आकाशातून हाकतो, आणि खाली दिसतो तो त्या रत्नाचा उजेड. म्हणून तिथली माणसं त्याला निव्वळ चांदणी मानत नाहीत. एल्फ, म्हणजे त्या जगातली अमर जमात, त्याला 'गिल-एस्तेल', म्हणजे आशेचा तारा म्हणतात. माणसांमधली काही कुळं याच ताऱ्याच्या रोखाने समुद्र ओलांडून नूमेनॉर बेटावर पोचली. 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मध्ये गॅलाड्रिएल ही एल्फ स्त्री कथानायक फ्रोडोला जी कुपी देते, तिच्यातही याच ताऱ्याचा प्रकाश साठवलेला आहे (माझ्या मते त्या ताऱ्याचा सगळ्यात सुंदर वापर हाच). फक्त एक लक्षात घ्या, मूळ जुन्या इंग्रजी शब्दाच्या अर्थावर अभ्यासकांचं एकमत नाही. काही जण त्याचा अर्थ पहाटतारा करतात, तर काही नुसता पहाटेचा किरण.