पणजोबांचं नाव ‘धोंडू’ का ठेवलं असेल?

तुमचा प्रश्न असा: पणजोबांचं नाव धोंडू. नावांच्या एका ॲपवर अर्थ सापडला ‘धुंडिराज, म्हणजे गणपती’, तर घरातली थोरली माणसं म्हणतात धोंडू म्हणजे चक्क दगड. खरं कोण?

घरची माणसं. धुंडिराज हे निराळं नाव, काशीच्या ढुंढिराज गणपतीवरून आलेलं. सिनेमावाले दादासाहेब फाळके ते धुंडिराज गोविंद फाळके. तुमचे पणजोबा मात्र धोंड्याचेच. ॲपवाल्यांना प्रत्येक नावामागे एखादा देव उभा करायचा असतो, एवढंच.

मी मोडी वाचून देण्याची कामं करतो. मध्यंतरी कुणबी नोंदी शोधायची धांदल उडाली तेव्हा जन्ममृत्यूची जुनी कोतवाल बुकं, म्हणजे गाव नमुना 14, डोळे दुखेस्तोवर चाळली. एका गावात एकाच बापाच्या नावापुढे चार वर्षांत तीन मुलांचे मृत्यू दिसले. वय 8 दिवस, वय 2 महिने, वय 1 वर्ष. कारणाच्या रकान्यात ताप, ताप, देवी. पुढे त्याच गावच्या शाळेचं दाखलखारीज रजिस्टर हाती आलं, त्यात त्याच बापाचा मुलगा भेटला. नाव दगडू.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला आपल्याकडे हजार मुलं जन्मली की दोनशेहून जास्त वर्षाच्या आतच जायची. ज्या घरात पाठोपाठ मुलं गेली, तिथे ‘मूल लाभत नाही’ म्हणायचे. मग पुढच्याला गोड नावाने हाक मारायची हिंमत कुठून येणार? दृष्ट लावणाऱ्याला, सटवाईला, यमाला, जो कोणी टपून बसला असेल त्याला सांगायचं की बाबा रे, हा दगड आहे, हा नेऊन तुला काय मिळणार! म्हणजे जे मूल सगळ्यात जपायचं, त्यालाच सगळ्यात टाकाऊ नाव. आणि दगड टिकतो, हेही मनात असणारच.

काही घरांत नुसत्या नावावर भागायचं नाही. बाळाला सुपात घालून उकिरड्यावर ठेवायचे, दुसऱ्याच कुणीतरी उचलून आणून द्यायचं. तो झाला केरू, केरबा, कचरू नाहीतर थेट उकिर्डा. शेजारणीच्या ओटीत घालून भीक म्हणून परत मागून घेतलेला तो भिकू, भिकाजी. मुलग्याचं नाक टोचून त्याला मुलगी भासवायचं, तो नथू. बंगाल्यांत ‘तिनकडी’ असं नाव सापडतं: तीन कवड्यांना विकून टाकलेलं मूल! युक्ती तीच.

ही नावं फक्त गरिबाघरची असंही समजू नका. भारतरत्न महर्षी कर्वे हे धोंडो केशव. लोकमान्य टिळकांचे गुरू, गणिती छत्रे (1825–1884), त्यांचं खरं नाव विनायक, पण ओळखतात सगळे केरूनाना म्हणून. निजामाच्या रझाकारांशी लढलेल्या जालन्याकडच्या दगडाबाई शेळके तर त्या नावाला शोभल्याच.

धोंडूला आणखी एक वाट आहे. अधिक मासाला आपण धोंड्याचा महिना म्हणतो, जावयाला धोंडे खायला बोलावतो तोच. त्या महिन्यात जन्मलेल्या मुलाचंही नाव धोंडू ठेवायचे. पणजोबांची जन्मतारीख कुठे मिळाली तर त्या सालचं पंचांग काढून बघा, अधिक मास होता का आणि कुठला, ते लगेच कळेल.

एक घोटाळा मात्र करू नका. ‘नकुशी’, ‘नकोशी’ हे नाव या रांगेत बसत नाही. तिथे कुणाला फसवायचं नसतं. मुलगी खरोखरच नको असते आणि पुढचा तरी मुलगा व्हावा म्हणून ते नाव ठेवतात. 2011 च्या ऑक्टोबरात साताऱ्यात अशा 285 मुलींची नावं समारंभ करून बदलली. धोंडूला आईने जिवाच्या भीतीने दगड म्हटलं, नकुशीला घराने तोंडावर नको म्हटलं. दोन्ही नावं ‘जुन्या लोकांच्या विचित्र चालीरीती’ या एकाच गाठोड्यात बांधतात, त्याचा मला राग येतो.

आता तुमच्या घरापुरतं. पणजोबांच्या आधीची भावंडं गेली होती का, हे आत्याआजी वगैरे कुणी असेल तर विचारा. त्यांच्या पाठच्या भावंडांची नावंही विचारा. त्या दाखलखारीज रजिस्टरात दगडूनंतर तीन वर्षांनी त्याचा पाठचा भाऊ शाळेत आलाय. त्याचं नाव सीताराम.