पाणी २८ फुटांवर गेलं की मोनोब्लॉक मोटर पाणी का सोडते? ७.५ एचपीची बसवून उपयोग होईल का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: विहिरीच्या काठावर ५ एचपीची मोनोब्लॉक (मोटर आणि पंप एकाच धडात) आहे, सक्शन म्हणजे विहिरीतून पंपापर्यंतचा पाईप अडीच इंची पीव्हीसी, गाव समुद्रसपाटीपासून साधारण ५५० मीटर उंचीवर. सकाळी पाणी २० फुटांवर असतं तेव्हा मोटर पाणी टाकते. दोनेक तासांत पातळी २८ फुटांवर जाते, पंपातून खडी वाजल्यासारखा आवाज येतो, धार तुटते, म्हणजे मोटर ‘पाणी सोडते’. प्लेटवर हेड २५ मीटर लिहिलेलं असताना ही ८.५ मीटरवर का थकते, आणि ७.५ एचपी घेतली तर चालेल का?

नाही चालणार. उलट ती आणखी आधी पाणी सोडेल. कारण सविस्तर सांगतो, कारण नेमक्या याच गैरसमजापायी उन्हाळ्यात शेतकऱ्यांचे बरेच पैसे वाया जातात.

पंप पाणी ओढत नाही. इंपेलर (पंपातलं पात्यांचं चाक) फिरला की त्याच्या मधल्या तोंडाशी दाब कमी होतो, एवढंच. विहिरीतल्या पाण्याच्या पृष्ठभागावर वातावरणाचा दाब असतो, तो पाण्याला पाईपमधून वर ढकलतो. म्हणजे सक्शनच्या बाजूचं सगळं काम हवा करते आणि हवेची ताकद ठरलेली आहे: समुद्रसपाटीला १०.३ मीटर पाण्याचा स्तंभ, बस्स. इटलीतल्या विहिरींवरचे पंप १८ हातांपलीकडे पाणी चढवत नाहीत हे गॅलिलिओने १६३८ साली छापून ठेवलं होतं, आणि पुढच्या पाच-सहा वर्षांत टॉरिचेल्लीने पारा वापरून त्याचं कारण दाखवून दिलं. तुमच्या प्लेटवरचे २५ मीटर हे पंप पाण्याला जी एकूण ऊर्जा देतो त्याचं माप आहे. त्यातून सक्शनची खोली ठरत नाही. ती ठरते हवेवरून, पाण्याच्या तापमानावरून आणि तुमच्या पाईपवरून.

आता तुमच्या विहिरीचा हिशेब करू. ५५० मीटर उंचीवर हवेचा दाब साधारण ९५ किलोपास्कल, म्हणजे पाण्याच्या भाषेत ९.७ मीटर. (कोकणात हाच आकडा १०.३ च्या आसपास आणि महाबळेश्वरला ८.८ च्या आसपास येतो. तोच पंप, तोच पाईप, तरी पाच फुटांचा फरक.)

यातून पहिली वजाबाकी बाष्पदाबाची. पाणी १०० अंशांनाच उकळतं हे फक्त समुद्रसपाटीच्या दाबाला खरं. दाब उतरवला की ते कमी तापमानाला उकळतं. ३० अंशांच्या पाण्यावरचा दाब ४.२ किलोपास्कलपर्यंत उतरला, म्हणजे स्तंभाच्या हिशेबात फक्त ०.४३ मीटर उरला, की ते पाईपमध्ये किंवा इंपेलरच्या तोंडाशी चक्क उकळायला लागतं. वाफ व्हायला लागणारी उष्णता ते आजूबाजूच्या पाण्यातूनच घेतं, वेगळी आग लागत नाही. आणि त्या तापमानाला फक्त एक ग्रॅम पाण्याची वाफ जवळपास ३३ लिटर जागा व्यापते. म्हणून अगदी चिमूटभर पाणी उकळलं तरी इंपेलरचं तोंड वाफेने बुजतं. तेव्हा ९.७ मधून ०.४३ गेले, उरले ९.२७ मीटर. पाणी ४० अंशांचं असतं तर ०.७६ मीटर गेले असते, ६० अंशांचं असतं तर दोन मीटर.

दुसरी वजाबाकी पंपाची स्वतःची. पाणी इंपेलरच्या पात्यांत शिरताना वेग घेतं, वळतं, आणि तिथे दाब आणखी पडतो. म्हणून पंपाच्या तोंडाशी बाष्पदाबापेक्षा काही मीटर जास्त दाब शिल्लक असावा लागतो. कंपनीच्या कर्व्हवर (पंपाच्या आलेखावर) त्याला ‘एनपीएसएच रिक्वायर्ड’ म्हणतात. ५ एचपीचा असा पंप सेकंदाला १० लिटर पाणी टाकत असेल तर हा आकडा ३ मीटर धरून चालू. तुमच्या मॉडेलचा नेमका आकडा कर्व्हवर बघा, दुकानदाराकडे तो कागद मागण्यात काही गैर नाही. उरले ६.२७ मीटर.

तिसरी वजाबाकी पाईपची, आणि तुमचं खरं नुकसान इथे आहे. अडीच इंची पाईपमधून सेकंदाला १० लिटर न्यायचे तर पाण्याचा वेग ३ मीटर प्रति सेकंद होतो. १२ मीटर लांबी धरली तर नुसत्या घर्षणात दीड मीटर जातो. चाळणीसकट साधा फुटव्हॉल (पाईपच्या खालच्या टोकाची, पाणी परत जाऊ न देणारी झडप) आणि एक बेंड मिळून आणखी १.४ मीटर. एकूण जवळजवळ ३ मीटर. म्हणजे पूर्ण प्रवाह हवा असेल तर पाण्याची पातळी पंपाच्या मध्यापासून ३.३ मीटर, ११ फूट, यापेक्षा खाली असून चालणार नाही. तुम्ही २० फुटांवर जे पाणी घेताय तेही पंपाच्या पुऱ्या क्षमतेचं नाही. प्रवाह आपोआप घटलेला आहे, आणि ती खडी तेव्हापासूनच हळू आवाजात वाजत असणार.

तोच पाईप तीन इंची केला तर नुकसान सुमारे १.२ मीटर. चार इंची केला तर अर्धा मीटरसुद्धा नाही. लांबीतलं घर्षण व्यासाच्या पाचव्या घाताने कमी होतं, त्यामुळे सक्शनवर एक-दीड इंच वाढवल्याचा फरक एवढा मोठा दिसतो. पंपाचं तोंड अडीच इंची असलं म्हणून पाईपही अडीच इंचीच हवा असा कुठलाही नियम नाही. तोंडाशी रिड्यूसर (मोठा पाईप लहान तोंडाला जोडणारा तुकडा) लावायचा.

आता ७.५ एचपीचं बघा. ती समजा १५ लिटर टाकू पाहते. प्रवाह दीडपट झाला की पाईपमधलं नुकसान सव्वादोन पट होतं, म्हणजे ३ मीटरचे पावणेसात मीटर. पंपाची स्वतःची मागणीही वाढून समजा ४ मीटर झाली. ९.२७ मधून हे दोन्ही वजा केलं तर उत्तर उणे येतं. याचा अर्थ त्या अडीच इंची पाईपवर पाणी अगदी पंपाच्या पातळीला असलं तरी ती पूर्ण प्रवाह देऊ शकणार नाही. एचपी वाढवून डिलिव्हरीकडे (पंपातून पाणी बाहेर जातं त्या बाजूला) जोर वाढतो, सक्शनला त्याने अडचणच होते.

तो खडीचा आवाज कॅव्हिटेशनचा. कमी दाबाच्या जागी झालेले वाफेचे बुडबुडे पात्यावरून पुढे जास्त दाबाच्या भागात गेले की मिलिसेकंदाच्या आत मिटतात. बुडबुडा धातूला लागून मिटला तर पाण्याची बारीक, अतिशय वेगवान धार त्या जागी आदळते. इंपेलर काढून पाहा: पात्यांच्या आतल्या कडेपासून थोडं पुढे, वाळवी लागल्यासारखी छिद्रं दिसतील. बाहेरच्या कडेला गुळगुळीत झीज दिसली तर ते वाळूचं काम आहे, कॅव्हिटेशनचं नव्हे.

मात्र पाणी तुटण्याचं कारण दर वेळी कॅव्हिटेशनच असतं असं नाही, सक्शन हवा धरत असेल तरी लक्षणं बरीच सारखी दिसतात. म्हणून खर्च करण्याआधी हे तपासा. मोटर चालू असताना आवाज येत असेल तेव्हा डिलिव्हरीचा कॉक सावकाश आवळा. प्रवाह कमी झाल्यावर आवाज गेला आणि धार सलग झाली तर कॅव्हिटेशन. आवळूनही धार फसफसत, पांढरी येत राहिली तर हवा. त्याहून पक्कं करायचं तर पंपाच्या तोंडाशी सक्शनवर एक व्हॅक्यूम गेज बसवा. सक्शनबद्दल एवढी खरी माहिती देणारी दुसरी स्वस्त वस्तू नाही. पाऱ्याचे ७३.६ मिलिमीटर म्हणजे एक मीटर पाणी. पाणी ५ मीटर खाली आणि पाईप चार इंची असेल तर काटा ४०० च्या थोडा पुढे राहील. तुमच्या अडीच इंचीवर त्याच खोलीला पूर्ण प्रवाहात तो ६२० मागेल. तुमच्या उंचीवर काट्याची शेवटची हद्द ६८० च्या आसपास आहे, त्यापलीकडे नुसती वाफ. पातळी तीच असताना काटा दिवसेंदिवस चढत चालला तर चाळणी शेवाळाने किंवा पाल्याने बुजतेय. काटा कमी दाखवतोय, थरथरतोय आणि पाणी पडत नाही, तर कुठून तरी हवा शिरतेय.

हवा शिरण्याच्या जागा ठरलेल्या. फ्लँजचं वायसर, रिड्यूसरचे आटे, पंपाच्या तोंडाजवळचा पीव्हीसीचा सांधा (मोटरच्या थरथरीने तो सुटतो), आणि ग्लँड (शाफ्टभोवती दोरी भरलेली जागा). चालू मोटरला सांध्यांवर एकेक करून ओली चिकणमाती थापा. ज्या सांध्यावर थापल्यावर काटा स्थिर झाला, तो दोषी. ग्लँडमधून पाणी थेंबथेंब गळायलाच हवं. ते पूर्ण बंद होईपर्यंत आवळलं तर दोरी जळते आणि शाफ्ट कापला जातो. फुटव्हॉल धरतो की नाही हे पाहायला मोटर बंद ठेवून पंप काठोकाठ भरा आणि पाणी भरायच्या तोंडाशी पातळी दहा मिनिटं बघा. उतरली तर व्हॉलच्या चामड्याखाली खडा किंवा काडी अडकलीय, नाहीतर चामडं गेलंय.

पाईप टाकण्यातली एक चूक फार दिसते. सक्शनचा आडवा भाग विहिरीकडून पंपाकडे सतत किंचित चढता हवा. मध्ये कुठेही उंचवटा राहिला तर तिथे हवेचा फुगा बसतो. लिटरभर पाण्यात साधारण १८ मिलिलिटर हवा विरघळलेली असते, दाब उतरला की ती सुटते आणि त्या उंचवट्यात साठत जाते. म्हणून सांधे कितीही पक्के केले तरी अशी मोटर अर्ध्या तासाने पाणी सोडते. आडव्या सक्शनवरचा रिड्यूसरही एका बाजूने सपाट असलेला घ्या आणि सपाट बाजू वर ठेवा. बेंड पंपाच्या तोंडाला चिकटवू नका, आधी अर्धा मीटर तरी सरळ पाईप असू द्या. फुटव्हॉल सगळ्यात खालच्या पातळीतसुद्धा पाऊण ते एक मीटर बुडालेला हवा, नाहीतर भोवरा पडून वरून हवा जाते. तळापासून तो फूटभर वर ठेवा, म्हणजे गाळ येणार नाही.

एवढं करून तुमचं भागेल का? चार इंची पाईप, चांगला फुटव्हॉल आणि अर्ध्या मीटरची राखीव धरून हिशेब ५.३ मीटरवर थांबतो, म्हणजे १७ फूट. तुम्हाला २८ हवेत. उरलेली ११ फूट पाईपने भरून निघणार नाहीत. पंप तेवढा खाली न्यावा लागेल, विहिरीत टप्पा बांधून किंवा लोखंडी चौकटीवर. पण पावसाळ्यात पाणी वर आलं की मोटर बुडणार, म्हणून दर वर्षी ती काढ-घाल आली. माझं स्पष्ट मत: तुमच्या विहिरीला ओपनवेल पाणबुडी घ्या. पंपच पाण्यात असल्यामुळे वातावरणाचा सगळा दाब आणि वरचं पाणी दोन्ही त्याच्या तोंडाशी हजर असतं, आणि सक्शनचा प्रश्न, फुटव्हॉल, पाणी भरणं, सगळं संपतं. जेट पंपानेही खोल पाणी येतं, पण पाण्याचा बराच भाग खाली-वर फिरवण्यात वीज जाते, शेतीच्या भरण्याला तो परवडत नाही.

पाणबुडीही ५ एचपीचीच पुरेल. विहिरीची उचल ८.५ मीटर, शेताचा चढ समजा १० मीटर, डिलिव्हरी पाईपचं घर्षण ३ ते ३.५ मीटर, एकूण २२. सेकंदाला १० लिटर २२ मीटर चढवायला २.१६ किलोवॅट लागतात. पंपाची कार्यक्षमता ६० टक्के धरली तर ३.६ किलोवॅट, म्हणजे ४.८ एचपी. मॉडेल निवडताना सगळ्यात मोठा हेड लिहिलेलं घेऊ नका. ज्याची कार्यक्षमता २२ मीटरच्या आसपास सर्वात जास्त आहे ते घ्या. ५० मीटर हेडचा पंप २२ वर चालवला तर तो आवाक्याबाहेरचं पाणी फेकतो, जास्त ॲम्पियर ओढतो आणि वाइंडिंग तापतं. पाणबुडी पूर्ण बुडालेलीच राहिली पाहिजे, पाण्यानेच ती थंड होते. तेव्हा ड्राय रन प्रोटेक्शन (पाणी संपलं की मोटर आपोआप बंद करणारी सोय) असलेला स्टार्टर त्याच वेळी बसवून घ्या.

तोवर हा हंगाम काढायचा असेल तर डिलिव्हरीचा कॉक आवळून प्रवाह निम्मा करा. सेकंदाला ५ लिटरवर तुमच्या अडीच इंची पाईपमधलं नुकसान ३ वरून पाऊण मीटरवर येतं आणि पंपाची मागणीही उतरते, त्यामुळे २१ फुटांपर्यंत पाणी सलग मिळेल. काटा ५४० च्या पुढे गेला की मोटर बंद करून विहिरीला पाझरायला वेळ द्या. कॉक पूर्ण बंद करून मात्र मोटर चालू ठेवू नका. तेव्हा पंपाच्या पोटातलं चार-पाच लिटर पाणी तिथेच घुसळत राहतं, शाफ्टवरची दीड-दोन किलोवॅट शक्ती सगळी उष्णतेत जाते, पाणी मिनिटाला साधारण ५ अंशांनी तापतं, आणि दहा-बारा मिनिटांत ग्लँडची दोरी किंवा सील जायच्या बेताला येतं.