ॲक्रिलिक नखांची कड नेमकी कुठून सुटते?

नखांच्या निगेविषयी या महिन्यात आलेल्या बहुतेक पत्रांत एकच तक्रार आहे : ॲक्रिलिक नखे (द्रव आणि पावडर मिसळून नैसर्गिक नखावर चढवलेला कृत्रिम थर) लावून आठवडा-पंधरवडा होत नाही तोच त्यांची कड नैसर्गिक नखापासून सुटू लागते. पार्लरमध्ये याला ‘लिफ्टिंग’ म्हणतात. त्यामुळे या वेळी इतर विषय बाजूला ठेवून याच तक्रारीची निवडक पत्रे घेतली आहेत.

प्रश्न : माझी ॲक्रिलिक नखे दर वेळी आठ-दहा दिवसांत क्युटिकलच्या बाजूने सुटतात. आधी पांढुरकी रेघ दिसते आणि मग तिथे केस अडकू लागतात. नखे लावून देणाऱ्या ताई म्हणतात, ‘तुमची नखेच तेलकट आहेत, त्याला आम्ही काय करणार?’ नखे खरोखर तेलकट असतात का? — एक वाचक, पुणे

उत्तर : तेल पाझरणाऱ्या ग्रंथी नखात नसतात. नखावर जे तेल सापडते ते आजूबाजूच्या त्वचेवरून, केसांवरून, हँडक्रीममधून किंवा स्वयंपाकघरातून आलेले असते आणि ते योग्य रीतीने पुसून काढता येते. काहींच्या तळहातांना घाम जास्त येतो आणि त्यांच्या नखांवर ॲक्रिलिक टिकवणे थोडे कठीण जाते, हे खरे आहे. पण दहाही बोटांवर, दर वेळी, एकाच बाजूने कड सुटत असेल तर दोष बहुधा पूर्वतयारीत असतो.

सायकलचे पंक्चर काढणारा काय करतो ते आठवून पाहा. तो ट्यूब कोरडी करतो, ठिगळ बसणार तेवढीच जागा घासून खरखरीत करतो, भुसा झटकतो आणि त्यानंतर त्या जागेला बोट लावत नाही. सोल्यूशनची पाळी त्यानंतर येते. नखाचेही तसेच आहे, फरक इतकाच की नखावर एक फसवा थर असतो. नखाच्या मुळाशी दिसणारी जिवंत त्वचेची घडी वेगळी आणि तिच्या खालून निघून नखाला चिकटून पुढे सरकणारा पातळ, पारदर्शक, मृत पापुद्रा वेगळा. खरे क्युटिकल म्हणजे हा पापुद्रा. तो सहजी दिसत नाही. त्वचेची घडी मागे ढकलली की काम झाले असे समजून पुष्कळ जणी थेट पुढे जातात आणि पापुद्रा जागच्या जागी राहतो. मग ॲक्रिलिक नखाला न चिकटता त्या पापुद्र्याला चिकटते, आणि तो सुटला की आपल्याबरोबर ॲक्रिलिकलाही उचलतो. तुमची पांढुरकी रेघ म्हणजे तिथे शिरलेली हवा.

म्हणून पुढच्या वेळी खुर्चीत बसल्यावर काही गोष्टींकडे लक्ष ठेवा. पापुद्रा नखाच्या पृष्ठभागावरून, विशेषतः दोन्ही कोपऱ्यांतून, हलक्या हाताने खरवडून काढला जातो का? त्यानंतर नखाची चकाकी साधारण १८० ग्रिटच्या फाईलने फक्त मोडली जाते, की नख घासून पातळ केले जाते? जास्त घासले की जास्त पकड मिळते हा समज चुकीचा आहे. पातळ झालेले नख लवते, वरचे ॲक्रिलिक लवत नाही, आणि त्या ओढाताणीत जोड सुटतो. भुसा कोरड्या, स्वच्छ ब्रशने झटकल्यावर डिहायड्रेटर (नखावरचा ओलावा काढणारा द्रव) आणि मग प्रायमर (ॲक्रिलिक पकड धरावे म्हणून आधी लावायचा द्रव) लावतात. या टप्प्यानंतर नखाला कोणाचेही बोट लागता कामा नये. तुम्ही मोबाईल उचलला, केस कानामागे सारले, की तयारी वाया गेली.

आणखी एक गोष्ट. मॅनिक्युअरमध्ये हात कोमट पाण्यात बुडवून ठेवण्याची पद्धत ॲक्रिलिकच्या आधी वर्ज्य समजावी. नख पाणी शोषून घेते आणि किंचित फुगून पसरते. त्या अवस्थेत ॲक्रिलिक लावले आणि नंतर नख वाळून मूळ आकारावर आले, की वरचा थर आणि खालचे नख यांचे माप जुळत नाही. हात साबणाने धुऊन नीट पुसले की पुरेसे असते.

एवढे सगळे करूनही कड सुटत असेल, तर ॲक्रिलिक त्वचेला टेकते आहे का ते पाहावे. मुळाकडे आणि दोन्ही बाजूंना सुमारे १ मिलिमीटरची मोकळी जागा सोडून तिथे थर निमुळता करत नेला पाहिजे. त्वचेवर चढलेले ॲक्रिलिक पहिल्या दिवशी फार सुबक दिसते, पण त्वचा हलते आणि तिथूनच पहिली फट पडते.

प्रश्न : मी वर्षभरापूर्वी कोर्स पूर्ण करून घरीच नेल आर्टचे काम सुरू केले. पूर्वतयारी शिकवल्याप्रमाणे करते, तरी काही ग्राहकांची नखे मधोमध पोकळ होतात, तर काहींची टोकाकडून सुटतात. पावसाळ्यात हे जास्त होते. प्रायमरचे दोन हात द्यावेत का? — एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : प्रायमरचा दुसरा हात म्हणजे आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी. प्रायमर हा गोंद नव्हे. आम्लयुक्त प्रायमरमध्ये मेथाक्रिलिक आम्ल असते. ते अगदी थोडे, नखाच्या मध्यावर टेकवून पसरू द्यायचे असते, आणि त्वचेवर ओघळले तर भाजते. आम्लरहित प्रायमरही जाड लावला की पकड वाढत नाही. त्यापेक्षा बाटलीकडे पाहा. द्रव गढूळ दिसत असेल, किंवा नखाचा भुसा लागलेला ब्रश पुन्हा पुन्हा तिच्यात बुडत असेल, तर ती बाटली टाकून द्यावी.

तुमच्या पत्रात खरे तर दोन वेगवेगळ्या तक्रारी आहेत. मधोमध पोकळी धरते तेव्हा संशय मिश्रणाच्या गोळीवर, म्हणजे द्रवात भिजवलेल्या ब्रशने उचललेल्या पावडरीच्या गोळ्यावर, घ्यावा. मोनोमरचा द्रव आणि पॉलिमरची पावडर एकत्र आली की पावडरीतील बेंझॉइल पेरॉक्साइडमुळे कडक होण्याची क्रिया सुरू होते. ही क्रिया आपोआप घडते. ॲक्रिलिकला जेलसारखा दिवा लागत नाही. गोळी कोरडी असेल तर ती नखाच्या बारीक खाचांत शिरण्याआधीच आळू लागते आणि खाली हवा अडकते. गोळी फार ओली असेल तर ती ओघळून क्युटिकलपर्यंत जाते, घट्ट होताना अधिक आकसते आणि कडा उचलते. शिवाय अर्धवट मुरलेला मोनोमर त्वचेला लागून ॲलर्जी होण्याचा धोकाही वाढतो. योग्य गोळी ब्रशच्या टोकावर गुळगुळीत दिसते, नखावर ठेवल्यावर क्षणभर घुमटासारखी उभी राहते आणि मग सावकाश बसते. तिच्याभोवती द्रवाचे कडे दिसले तर ती ओली आहे, आणि पृष्ठभाग रवाळ दिसला तर कोरडी. गोळी बसू लागली की ती नुसती पसरवत नेऊ नये, ब्रशच्या पोटाने नखावर दाबावी. नवशिक्यांच्या हातून ही दाबण्याची क्रियाच बहुतेकदा राहून जाते.

टोकाकडून सुटणारी नखे मात्र बांधणीचा दोष सांगतात. नैसर्गिक नख जिथे बोटापासून मोकळे होते तिथे सर्वाधिक ताण येतो, म्हणून थराची जाडी आणि कमान त्या भागावर हवी. सगळीकडे सारखा सपाट थर दिला, किंवा नख लांब पण कमान नाही अशी रचना केली, की लांब टोक तरफेसारखे काम करते. ग्राहकांना लांबीचा मोह असतो हे मान्य आहे, पण पहिल्यांदाच ॲक्रिलिक लावणाऱ्या आणि घरकाम करणाऱ्या बाईला बोटापुढे इंचभर टोक देणे हा तिच्या हौसेचा मान राखणे नव्हे. शेवटच्या टप्प्यात टोकाची कड टॉप कोटने बंद करायला विसरू नये.

पावसाळ्याचे म्हणाल तर दमट हवेत डिहायड्रेटर लावल्यानंतर फार वेळ थांबू नये, कारण नख पुन्हा ओलावा घेते. दहाही नखे एकदम तयार करून मग पहिल्या नखाकडे परतण्याऐवजी एका हाताची पाच नखे तयार करून लगेच भरावीत. पंखा थेट टेबलावर सोडू नये. फार थंड एसीत ॲक्रिलिक उशिरा आळते, उन्हाळ्यात फार लवकर, आणि त्याप्रमाणे गोळीचा ओलेपणा थोडा बदलावा लागतो. वाटीत उरलेला द्रव मूळ बाटलीत परत ओतू नका. त्यात मिसळलेल्या पावडरीमुळे सगळी बाटली बिघडते. एका कंपनीचा द्रव आणि दुसऱ्या कंपनीची पावडर अशी सांगड घालणेही टाळावे, कारण प्रत्येक जोडीचे प्रमाण तिच्यापुरते ठरवलेले असते.

प्रश्न : माझी फक्त उजव्या हाताच्या अंगठ्याची आणि तर्जनीची नखे सुटतात, बाकीची तीन आठवडे उत्तम राहतात. हे कशामुळे? — एक वाचक, ठाणे

उत्तर : आठ नखे टिकतात याचा अर्थ लावणाऱ्या ताईंचे काम चांगले आहे. अंगठा आणि तर्जनी यांच्या चिमटीने तुम्ही दिवसभर काय काय करता ते पाहा. लसूण सोलणे, डब्याचे झाकण उचकटणे, किंमतीचे स्टिकर खरवडणे, कुकरला चिकटलेला भात नखाने काढणे, अशी कामे नखाच्या टोकावर जोर देऊन केली की तो जोर मुळाशी पोहोचतो. नखाऐवजी बोटाचे पेर वापरण्याची सवय लावून घ्यावी, झाकणासाठी चमचा घ्यावा आणि या दोन नखांची लांबी इतरांपेक्षा थोडी कमी ठेवावी. भांडी घासताना रबरी हातमोजे घालावेत. कणीक मळणे बंद करा असे मी म्हणणार नाही, पण मळून झाल्यावर नखाखाली पीठ वाळू देऊ नये.

ॲक्रिलिक काही मिनिटांत टणक होते, तरी आतली क्रिया पुढचे २४ ते ४८ तास चालू राहते. निदान पहिला दिवसभर धुणे-भांडी आणि गरम पाण्याने लांबलचक अंघोळ टाळता आली तर उत्तम.

प्रश्न : सुटलेल्या कडेखाली फेविक्विक घालून दाबले तर चालते का? माझ्या एका नखाखाली हिरवट डागही दिसतो आहे. — एक वाचक, नागपूर

उत्तर : चालत नाही. फटीत पाणी, साबण आणि जंतू आधीच शिरलेले असतात आणि त्यावर गोंद घालणे म्हणजे त्यांना आत कोंडणे होय. हिरवट डाग बहुधा स्यूडोमोनास नावाच्या जिवाणूंमुळे पडतो, जे ओलसर फटीत वाढतात आणि हिरवे रंगद्रव्य तयार करतात. पुष्कळ जणी याला बुरशी समजून बुरशीचे मलम लावत बसतात, त्याचा उपयोग होत नाही. त्या बोटावरचे ॲक्रिलिक पूर्ण काढून घ्या, नख कोरडे ठेवा, त्वचारोगतज्ज्ञांना दाखवा आणि ते परवानगी देईपर्यंत त्यावर काहीही लावू नका. रुग्णांच्या थेट संपर्कात येणाऱ्या आरोग्यसेवकांनी कृत्रिम नखे वापरू नयेत असे जागतिक आरोग्य संघटनेच्या २००९ च्या हातस्वच्छतेच्या मार्गदर्शक सूचनांत म्हटले आहे, त्यामागे नखांवर आणि नखांखाली साठणाऱ्या जंतूंचेच कारण आहे.

डाग नसेल आणि फट लहान असेल तर सुटलेला भाग फाईलने घासून काढून फक्त तेवढी जागा नव्याने भरता येते. निपरने कुरतडला तर न सुटलेला भागही उचकटला जातो. ओढून काढणे तर मुळीच नको, कारण त्याबरोबर नखाचे पदर निघतात. फिलिंग, म्हणजे नख वाढल्याने मुळाशी उघडी पडलेली जागा भरून घेणे, साधारण दोन ते तीन आठवड्यांनी करावे. नख महिन्याला सुमारे ३ मिलिमीटर वाढते, त्यामुळे तीन आठवड्यांत कमान सुमारे २ मिलिमीटर पुढे सरकते आणि तोल बिघडतो.

एक फरक मात्र ओळखता आला पाहिजे. ॲक्रिलिक नखापासून सुटणे वेगळे आणि तुमचे स्वतःचे नख खालच्या गुलाबी मांसापासून सुटणे वेगळे. दुसऱ्या प्रकारात नखाचा गुलाबी भाग टोकाकडून पांढरा होत मागे सरकतो. तो मारामुळे किंवा ॲलर्जीमुळेही होतो. तसे दिसले, किंवा बोटांच्या टोकांना खाज आणि लाली आली, तर फिलिंग करायला न जाता डॉक्टरांकडे जावे.

प्रश्न : एका ठिकाणी अगदी स्वस्तात नखे लावून देतात आणि ‘महिनाभर कड सुटणारच नाही’ अशी हमी देतात. जावे का? — एक वाचक, छत्रपती संभाजीनगर

उत्तर : तिथे कोणता द्रव वापरतात ते आधी विचारा. आज नखांसाठी इथिल मेथाक्रिलेट, म्हणजे ‘ईएमए’, वापरणे योग्य समजले जाते. त्याचा स्वस्त भाऊबंद मिथिल मेथाक्रिलेट, ‘एमएमए’, दाताच्या कवळीच्या कामात असतो. नखांना झालेल्या इजांच्या तक्रारींवरून अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने १९७० च्या दशकातच निव्वळ एमएमए असलेल्या नखांच्या उत्पादनांवर कारवाई केली होती. एमएमएचे नख अतिशय टणक असते, ते बसावे म्हणून खालचे नख जोरात घासले जाते, आणि कुठे अडकले तर ॲक्रिलिकऐवजी नखच फाटते. उग्र वास आणि ॲसिटोनमध्ये बराच वेळ ठेवूनही न विरघळणे, या त्याच्या खुणा. बाटलीवरचे लेबल दाखवायला कोणी तयार नसेल तर तिथून उठावे.

प्रश्न : माझे लग्न तीन आठवड्यांवर आले आहे. मेंदी, हळद आणि नखे यांचा क्रम कसा ठेवू? — एक वाचक, रत्नागिरी

उत्तर : नखे मेंदीच्या दोन-तीन दिवस आधी लावून घ्या, म्हणजे तेल-पाणी लागेपर्यंत ॲक्रिलिक पूर्ण मुरलेले असेल. त्या दिवशी सकाळी केसांना तेल लावू नका आणि हातांना क्रीमही नको. मेंदी काढणाऱ्या ताईंना नखे सोडून काढायला सांगा आणि मेंदी रंगावी म्हणून निलगिरीचे तेल लावायचे असेल तर ते तळहातापुरतेच ठेवा. फिकट रंगाची नखे हळदीने पिवळी पडतात, तेव्हा हळदीच्या दिवशी करवल्यांपैकी एकीच्या हाती ओला रुमाल देऊन ठेवा आणि हळद लागली की लगेच नखे पुसून घ्या. मध्यम लांबीची नखे निवडलीत तर मंगळसूत्राच्या वाट्या आणि बांगड्या सांभाळताना तुमचीच सोय होईल.